लिहिताना चूक झाली तर?

 

मी मुलांसाठी अद्भुत गोष्टी लिहितो. माझ्या एका गोष्टीत एक शाई आहे. तिने जे लिहाल ते खरं होतं. दारावर 'बंद' असं लिहिलं की हत्तीने धडक दिली तरी दार हलत नाही. गोष्ट अर्धी झाली होती, तेव्हा इंदूरला काही मुलांना वाचून दाखवली. एका मुलीने विचारलं, "काका, लिहिताना चूक झाली तर?"

मी हसून वेळ मारून नेली. पण तो प्रश्न मला महागात पडला. अर्धी गोष्ट फाडून पुन्हा लिहावी लागली. ते कसं झालं, एवढंच आज सांगणार आहे.

अशी शाई काही मी पहिल्यांदा कल्पिलेली नाही. आपल्याकडे यंत्र लिहायचं तर भूर्जपत्र लागतं, डाळिंबाची काडी लागते, अष्टगंध लागतं. तीच अक्षरं बॉलपेनने वहीत लिहिली तर कोणी दंडाला बांधणार नाही. म्हणजे ताकद अक्षरात आहे की शाईत, हा घोळ जुनाच.

प्राचीन इजिप्तमध्ये तर लिहिलेलं चित्र जिवंत होईल अशी धास्ती होती. त्यांच्या लिपीत साप, सिंह अशी चिन्हं होती. सक्काराच्या काही पिरॅमिडांत, राजाचं शव ठेवलेल्या खोलीत, ही चिन्हं मुद्दाम तोडून कोरली आहेत किंवा गाळलीच आहेत. राजाला आपल्याच भिंतीवरच्या अक्षराने चावू नये म्हणून! त्याच देशातली सेत्ने राजपुत्राची कथा आहे. तिच्यात नानेफरकाप्ताह नावाचा माणूस देवाचं जादूचं पुस्तक मिळवतो, कोऱ्या पपायरसवर उतरवून घेतो, तो पपायरस बिअरमध्ये भिजवतो, पाण्यात विरघळवतो आणि पिऊन टाकतो. झालं, सगळं पाठ! (परीक्षेच्या दिवसांत ही गोष्ट मुलांना सांगू नका.) पुढे त्याचा मुलगा, बायको आणि तो स्वतः, तिघेही नाईलमध्ये बुडतात. पण तिथे गुन्हा चोरीचा आहे, चुकीचा नाही. माझ्या प्रश्नाचं उत्तर मला तिथे मिळालं नाही.

ते मिळालं आइसलँडमध्ये. तेराव्या शतकात लिहिलेली एगिलची सागा आहे, तिच्यातल्या घटना नवव्या-दहाव्या शतकातल्या. एगिल हा कवी, योद्धा आणि अत्यंत भांडकुदळ गृहस्थ. एका मेजवानीत त्याला विष घातलेलं शिंग प्यायला देतात. तो सुरीने स्वतःचा तळहात कापतो, शिंगावर रून लिपीतली अक्षरं कोरतो, त्यांना रक्त माखतो. शिंग फुटतं, दारू जमिनीवर सांडते. इथे शाई रक्ताची.

पण मला धरून ठेवलं ते दुसऱ्या प्रसंगाने. एगिल प्रवासात एका शेतकऱ्याच्या घरी उतरतो. त्याची मुलगी हेल्गा आजारी, अंथरुणाला खिळलेली. चौकशी करता कळतं, शेजारच्या एका तरुणाने तिच्यासाठी रून कोरले होते. एगिल तिचं अंथरूण तपासतो तर व्हेलच्या हाडावर कोरलेली अक्षरं सापडतात. पोराला तिचं प्रेम हवं होतं, पण त्याला नीट लिहिता येत नव्हतं. त्या अक्षरांनी तिला आजारी पाडलं. एगिल ती अक्षरं खरवडून काढतो, हाड जाळतो, अंथरूण वाऱ्यावर टाकायला लावतो, नवे रून कोरून उशीखाली ठेवतो. मुलगी बरी होते.

हे वाचलं आणि मला माझे वडील आठवले.

वडील इंदूरच्या कचेरीबाहेर अर्जनवीस होते. एक टेबल, एक छत्री, टाक आणि निळी शाई. घरी मराठी, टेबलावर हिंदी. येणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांना वाचता येत नसे. आपलं म्हणणं बाबांच्या शाईतून कागदावर उतरलं की साहेबाला ऐकावंच लागेल, अशी त्यांची खात्री असायची. एक म्हातारी तर लिहून झालेला कागद कपाळाला लावून मगच पिशवीत ठेवायची.

एका विधवेच्या पेन्शनच्या अर्जात बाबांनी तिच्या नवऱ्याच्या नावात 'ल'च्या जागी 'प' लिहिला. एकच अक्षर. नोकरीच्या कागदांशी नाव जुळेना. पेन्शन दोन वर्षं अडकली. ती बाई बोलायला आली नाही, भांडली नाही. तिला वाटलं, आपलं नशीबच असं. बाबांना कळलं तेही योगायोगाने, दुसऱ्या कोणाच्या कामात. मग ते टेबल बंद ठेवून चार वेळा तिच्याबरोबर बसने गेले, स्वतःच्या पैशाने प्रतिज्ञापत्र केलं, जुना अर्ज बाद करवून नवा लावला. पेन्शन सुरू झाली. अडकलेले पैसे पुढे मिळाले, पण मधल्या काळात तिच्या मुलाची शाळा सुटली होती. तो परत शाळेत गेला नाही.

बाबा याबद्दल घरी कधी बोलले नाहीत. आईने सांगितलं म्हणून मला ठाऊक. मी एवढंच पाहिलं होतं, की ते प्रत्येक अर्ज अंगठा घेण्याआधी समोरच्याला मोठ्याने वाचून दाखवत. नावं दोनदा. रांग खोळंबायची, लोक वैतागायचे. मला लहानपणी त्याची लाज वाटायची.

आता माझ्या गोष्टीतल्या शाईला एक नियम आहे. ज्याच्यासाठी लिहिलं त्याला ते वाळायच्या आत वाचून दाखवायचं. त्याने मान हलवली तरच अक्षर जागं होतं, नाहीतर बोटाने पुसता येतं.

पुस्तक छापून आल्यावर त्या मुलीला एक प्रत पाठवली. तिचं पोस्टकार्ड आलं. छान वगैरे काही नाही, सरळ प्रश्न: "शाई वाळायला किती वेळ लागतो, ते तुम्ही कुठेच लिहिलेलं नाही."