'पिशवीला सूज आहे' म्हणजे नक्की काय? अ‍ॅडिनोमायोसिस समजून घेऊया

आजचा शब्द जरा अवघड आहे, म्हणून आधी एकत्रच म्हणूया: अ‍ॅडिनो-मायोसिस. जमलं? छान.

आधीच सांगते, मी डॉक्टर नाही. बीटेक केलंय, हिंजवडीत कोड लिहिते, वय २८. गेल्या वर्षी मला हा आजार असल्याचं निदान झालं. त्यानंतर डॉक्टरांना विचारून आणि वाचून जे समजलं, ते आज सांगणार आहे. कुठली गोळी घ्यायची हे माझ्याकडून ऐकू नका. पण रिपोर्टमधली कुठली ओळ थांबून वाचायची आणि डॉक्टरांना काय विचारायचं, एवढं नक्की घेऊन जा. आणि मुलग्यांनो, हेडफोन काढू नका. तुमच्याही घरात आई, बहीण, बायको आहे.

आजार काय आहे?

गर्भाशयाला आपण घरात 'पिशवी' म्हणतो. तिला आतून एक अस्तर असतं आणि अस्तराच्या बाहेर स्नायूंची जाड भिंत. दर महिन्याला अस्तर जाड होतं, गर्भ राहिला नाही की सुटून बाहेर पडतं. तीच पाळी. अ‍ॅडिनोमायोसिसमध्ये या अस्तरासारख्या पेशी स्नायूंच्या भिंतीत शिरलेल्या असतात. पावसाळ्यात भिंतीत ओल मुरते ना, तसं. तिथेही त्या पेशींना हार्मोनचे चढउतार कळतात. सूज येते, आजूबाजूचा स्नायू जाड होतो आणि हळूहळू पिशवीच मोठी होते.

फायब्रॉइड वेगळं. फायब्रॉइड म्हणजे गाठ, तिला स्वतःची कड असते. लाडवातला बेदाणा बोटाने काढता येतो, पण लाडवात मुरलेली साखर काढता येत नाही. अ‍ॅडिनोमायोसिस बहुतेक वेळा त्या साखरेसारखा पसरलेला असतो, म्हणून ऑपरेशनने तेवढाच भाग काढणं अवघड जातं. एंडोमेट्रिओसिसही वेगळं. त्यात अशा पेशी पिशवीच्या बाहेर, अंडाशयावर वगैरे वाढतात. हे दोन्ही एकाच बाईला असू शकतात. आणि घाबरू नका, हा कॅन्सर नाही.

त्रास काय होतो?

पाळीत अंगावरून खूप जातं. ओटीपोटात आणि कंबरेत पिळवटून टाकणारी कळ येते. पोट जड आणि फुगल्यासारखं वाटतं. काहींना संबंधाच्या वेळी दुखतं. साधारण तिघींपैकी एकीला मात्र काहीच जाणवत नाही.

आता 'खूप जातं' म्हणजे किती? पुस्तकातला जुना आकडा एका पाळीत ८० मिलिलिटरपेक्षा जास्त असा आहे, पण घरी बसून ते कोण मोजणार? म्हणून साधे प्रश्न विचारा. तासा-दोन तासाला पॅड बदलावं लागतं का? रात्री त्यासाठी उठावं लागतं का? दहा रुपयांच्या नाण्याएवढ्या रक्ताच्या गाठी पडतात का? पाळी ७ दिवसांपेक्षा लांबते का? यातल्या एकाचंही उत्तर दर महिन्याला 'हो' असेल, तर डॉक्टरांकडे जा.

सोबत हिमोग्लोबिन तपासा. गरोदर नसलेल्या बाईचं ते १२ च्या खाली असेल तर त्याला अ‍ॅनिमिया म्हणतात. माझं ८.९ होतं आणि मी सगळं खापर रात्रीच्या रिलीजवर फोडत होते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के स्त्रियांना अ‍ॅनिमिया आढळला होता. निम्म्याहून जास्त बायकांना धाप लागत असेल, तर थकणं हा आजार आहे असं कुणाला वाटणारच नाही.

मग निदानाला इतका उशीर का?

हा आजार नवा नाही. व्हिएन्नाचे डॉक्टर कार्ल फॉन रोकितान्स्की यांनी १८६० मध्येच त्याचं वर्णन केलं होतं. 'अ‍ॅडिनोमायोसिस' हे नाव १९२५ मध्ये रूढ झालं. पण कितीतरी दशकं तो ओळखायची पद्धत एकच होती: पिशवी काढायची आणि तिचा तुकडा मायक्रोस्कोपखाली बघायचा. म्हणजे आधी ऑपरेशन, मग आजाराचं नाव!

याचा एक मोठा परिणाम झाला. पिशवी कुणाची काढायचे? चाळिशी-पन्नाशीतल्या, मुलं झालेल्या बायकांची. मग पुस्तकांत हेच चित्र बसलं की हा चाळिशीतल्या, दोन-तीन बाळंतपणं झालेल्या बाईचा आजार. आमच्या क्षेत्रातला कुणीही ऐकताक्षणी म्हणेल, अहो, तुमचं सॅम्पलच एकतर्फी आहे! पंचविशीतल्या मुलींची पिशवी कुणी काढतच नव्हतं, तर त्यांच्यातला आजार दिसणार कसा? सोनोग्राफी आणि एमआरआय सुधारल्यावर तो तरुण मुलींमध्येही दिसायला लागला.

हे मला आईच्या फाइलमुळे नीट कळलं. आई जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका होती. २००९ मध्ये, ४३ व्या वर्षी तिची पिशवी काढली. त्याआधी दहा वर्षं ती गडद रंगाच्या साड्या नेसून वर्गात उभी राहायची. तिला सांगितलं गेलं, 'पिशवी खराब झाली होती'. माझं निदान झाल्यावर डॉक्टरांनी घरातल्यांचा इतिहास विचारला, म्हणून आम्ही तिची जुनी फाइल काढली. बायोप्सीच्या कागदावर शेवटच्या ओळीत टाइप केलेलं होतं: अ‍ॅडिनोमायोसिस. तो कागद कपाटात पंधरा वर्षं होता, पण कुणी तिला वाचून दाखवला नव्हता.

ऑपरेशननंतर आईला बरं वाटलं, त्याबद्दल तिची तक्रार नाही. ती एवढंच म्हणाली, "नाव माहीत असतं तर रजा तरी मागितली असती गं. दर महिन्याला नुसतं पोट दुखतंय म्हणून काय सांगणार?"

रिपोर्टमधली ती ओळ

आपल्याकडच्या सोनोग्राफीच्या रिपोर्टवर बऱ्याचदा लिहिलेलं असतं: 'युटेरस बल्की'. डॉक्टर मराठीत सांगतात, 'पिशवीला थोडी सूज आहे', आणि विषय संपतो. बल्की म्हणजे नेहमीपेक्षा मोठी, एवढाच त्याचा अर्थ. का मोठी, ते त्या शब्दात नाही. म्हणून तुम्ही विचारा: "मॅडम, ही सूज कशामुळे आहे? अ‍ॅडिनोमायोसिस असू शकतो का?"

दुसरी गोष्ट. भरपूर पाणी पिऊन पोटावरून करतात त्या सोनोग्राफीत हा आजार निसटू शकतो. योनीमार्गातून केलेल्या सोनोग्राफीत भिंत जास्त स्पष्ट दिसते. आपल्याकडे तपासणीच्या टेबलवर 'लग्न झालंय का?' असं विचारतात आणि 'नाही' म्हटलं की पोटावरूनच करतात. संबंध आलेले नसतील तर ही तपासणी सहसा करत नाहीत, तेही बरोबर. पण मग एमआरआयचा पर्याय असतो. माझं निदान एमआरआयवरच झालं. त्याआधीच्या दोन सोनोग्राफी 'नॉर्मल' होत्या. पोटावरची सोनोग्राफी नॉर्मल आली आणि दुखणं थांबलं नाही, तर पुन्हा विचारायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे.

उपचार

दुखण्यासाठी मेफेनॅमिक अ‍ॅसिडसारख्या गोळ्या असतात. मेडिकलमधून आपल्या मनाने पट्टी आणून खाऊ नका. नोव्हेंबर २०२३ मध्ये इंडियन फार्माकोपिया कमिशनने या औषधाच्या एका दुर्मीळ पण गंभीर अ‍ॅलर्जीबद्दल इशारा दिला होता. रक्तस्राव कमी करायला ट्रॅनेक्झॅमिक अ‍ॅसिड देतात. डायनोजेस्टसारख्या हार्मोनच्या गोळ्या आहेत. पिशवीत बसवायचं हार्मोनचं साधन आहे, दिसायला कॉपर टीसारखं. ते काही वर्षं टिकतं. पहिले काही महिने अधूनमधून डाग पडतात, पण नंतर बऱ्याच जणींचं अंगावरून जाणं खूप कमी होतं. याशिवाय इंजेक्शनं आहेत, पिशवीचा रक्तपुरवठा कमी करायची प्रक्रिया आहे आणि निवडक जणींमध्ये आजाराचा भाग काढायचं ऑपरेशनही.

पिशवी काढली की आजार मुळापासून जातो, हे खरं. पण तो यादीतला शेवटचा पर्याय आहे, आणि का ते बीडने दाखवलंय. २०१९ मध्ये सरकारी समितीने जिल्ह्यातल्या ८२ हजारांहून जास्त ऊसतोड कामगार बायकांची माहिती घेतली. त्यांतल्या १३ हजारांहून जास्त जणींची पिशवी काढलेली होती. पाळीत खाडा पडला की मजुरी बुडते, ही त्यामागची एक मोठी भीती. त्या सगळ्यांना कुठला आजार होता हे मला सांगता येणार नाही. पण 'दुसरा काही इलाज आहे का?' हे विचारायला वेळ, पैसा आणि माहिती लागते. आपल्या हातात निदान फोन तरी आहे.

आता मूल. हा आजार असला की गर्भ राहायला अडचण येऊ शकते, गर्भपाताचा आणि वेळेआधी बाळंत होण्याचा धोका वाढतो. तरी अनेक जणींना मूल होतं. 'लग्न झालं की पाळीचं दुखणं जातं' हा सल्ला मात्र कृपया कुणाला देऊ नका. आमच्याकडे सध्या स्थळं बघणं चालू आहे. एक मावशी म्हणाली, "हे आधी बोलू नकोस." मी आईशी बोलून ठरवलंय, दुसऱ्या भेटीतच सांगायचं. पुढचे निर्णय ज्याच्यासोबत घ्यायचे, त्याला माहिती असायला हवी.

आजपासून करायच्या तीन गोष्टी

एक, फोनमध्ये साधी नोंद ठेवा: तारीख, किती पॅड लागले, १० पैकी किती दुखलं, कुठलं काम चुकलं. तीन महिन्यांची नोंद दाखवली की डॉक्टरांशी बोलणं सोपं जातं. दोन, आईला, मावशीला, आत्याला विचारा: तुमचं ऑपरेशन कशासाठी झालं होतं? रिपोर्ट असेल तर फोटो काढून ठेवा. तीन, टीममधली कुणी पाळीसाठी रजा मागत असेल, तर 'काय झालं?' न विचारता द्या.

मी सध्या डायनोजेस्टवर आहे. हिमोग्लोबिन ११.४ झालंय आणि चौथा मजला आता एका दमात चढते. तुमचे अनुभव, प्रश्न नक्की पाठवा. आणि हा एपिसोड घरच्या ग्रुपवर टाकायला लाज वाटत असेल, तर निदान एकीला तरी वेगळा पाठवा. भेटूया पुढच्या भागात. काळजी घ्या!