गॅसचा सिलिंडर किती दिवस पुरेल?



गेल्या गणेशचतुर्थीची गोष्ट. मुलुंडला आमच्या घरीं मोदकपात्र शेगडीवर चढविलें, पाण्याला आधण आलें, मोदक आंत ठेवले, आणि पांच मिनिटांत ज्योत मावळली. सिलिंडर संपला होता व दुसरा मागविलेला नव्हता. शेजारच्या वहिनींनीं आपला सिलिंडर दिला म्हणून नैवेद्य वेळेवर झाला. "अहो, काल रात्रीपर्यंत ज्योत चांगली मोठी होती!" असें घरांतून दहादां तरी ऐकूं आलें. मागणी नोंदविण्याचें काम माझें. तेव्हां दोष माझाच. पण ज्योतीविषयींचें तें म्हणणें अगदीं खरें होतें, आणि फसगत होते ती तेथेंच.

मुंबईंत हा गॅस १९५५ च्या सुमारास बर्मा-शेल कंपनीनें घरगुती स्वयंपाकासाठीं आणला. तो प्रोपेन व ब्यूटेन या दोन वायूंचें मिश्रण असून सिलिंडरमध्यें दाबाखालीं द्रवरूपानें भरलेला असतो. द्रवाच्या वरच्या पोकळींत त्याची वाफ सांठते व तीच शेगडीकडे येते. या वाफेचा दाब मुख्यतः हवेच्या उष्णतेवर अवलंबून असतो, आंत द्रव किती उरला आहे यावर नव्हे. म्हणून सिलिंडर भरलेला असो कीं तळाशीं आलेला असो, ज्योत जवळजवळ सारखीच दिसते. ज्योतीवरून शिलकेचा अंदाज करणें व्यर्थ आहे.

खरा हिशेब वजनाचा. घरगुती सिलिंडरमध्यें १४.२ किलो गॅस असतो. रिकाम्या सिलिंडरचें वजन त्याच्या वरच्या कड्याखालील पट्टीवर कोरलेलें असतें. समजा, तें १५.६ किलो आहे. तर भरलेला सिलिंडर २९.८ किलो भरला पाहिजे. तो दारांत येतांच वजन करून घ्यावें. त्यांत संकोच कसला? पुढें कधीं तोच सिलिंडर २२.७ किलो भरला, तर गॅस निम्मा उरला असें समजावें.

आतां खर्चाकडे वळूं. एक बर्नर मध्यम ज्योतीवर तासाला सरासरी १५० ग्रॅम गॅस जाळतो असें धरलें, तर एका सिलिंडरमध्यें सुमारें ९५ तासांचें इंधन झालें. दोन्ही बर्नर मिळून रोज तीन तास जळत असतील तर तो ३१ दिवस पुरेल. दोनच तास जळत असतील तर ४७ दिवस. परंतु दुसऱ्याच्या घरचा आंकडा आपल्या उपयोगीं पडत नाहीं. कोणाकडे रोज डाळ-तांदूळ कुकरमध्यें शिजतात, कोणाकडे दोन वेळां आंघोळीचें पाणीहि गॅसवरच तापतें. यासाठीं सिलिंडर लावल्याची तारीख भिंतीवरील दिनदर्शिकेंत लिहून ठेवावी. असे तीन-चार सिलिंडर झाले कीं त्यांची सरासरी हा आपल्या घराचा आंकडा.

त्यांतून सिलिंडर घरीं येण्यास लागणारे दिवस वजा करावे. शिवाय पाहुण्यांसाठीं दोन दिवस हातचे राखावे. सरासरी ३१ दिवसांची आणि सिलिंडर यायला पांच दिवस, तर चोविसाव्या दिवशीं मागणी नोंदवावी. सण येणार असेल तर त्याहूनहि आधीं. अंधेरी-बोरिवलीच्या ज्या इमारतींत महानगर गॅसचा नळ आला आहे, तेथें ही विवंचना उरली नाहीं. परंतु घाटकोपरच्या टेकडीवर जेथें भरलेला सिलिंडर खांद्यावरून चढवावा लागतो, आणि घरांत दुसरा शिलकींत नसतो, तेथें चार दिवसांची चूक म्हणजे चार दिवस बाहेरचें अन्न व महिन्याच्या खर्चाला भोंक. अशा घरांत सिलिंडरचे पैसे कोणत्या आठवड्यांत बाजूला काढावयाचे, हेंहि याच आंकड्यानें ठरतें.

मधेंच शंका आली तर ओलें फडकें सिलिंडरवर वरपासून खालपर्यंत फिरवावें. आंत द्रव असलेला भाग अधिक थंड राहतो व त्यावरील ओल उशिरां वाळते; वरचा रिकामा भाग लौकर कोरडा होतो. जेथें ओल राहील तेथपर्यंत गॅस आहे असें समजावें. हा अंदाज स्थूल असला तरी निरुपद्रवी आहे. मात्र गॅस संपत आला म्हणून सिलिंडर आडवा करणें किंवा गरम पाण्यांत ठेवणें हें कदापि करूं नये. आडव्या सिलिंडरमधून वाफेऐवजीं द्रवच नळींत शिरतो, आणि तो बाहेर पडतांच कितीतरी पटींनीं फुगून मोठी आग लागण्याचें भय असतें. दोन वाट्या आमटीसाठीं एवढें संकट ओढवून घेऊं नये.

आमच्या दिनदर्शिकेंत आतां दर महिन्याला एक लाल खूण असते. यंदाच्या चतुर्थीला वहिनींकडे सिलिंडर मागावयास नव्हे, मोदक घेऊन जावें असा बेत आहे.