मगनवाडीचे संपादक



आठवीत असताना सरांनी आपल्याला एसटीने अल्लीपूरहून वर्ध्याला, मगन संग्रहालय पाहायला नेलं होतं. आपलं लक्ष चरख्यांपेक्षा डब्यातल्या तिखट-पुऱ्यांकडे. तिथं सरांनी एक नाव सांगितलं होतं, जे. सी. कुमारप्पा. परीक्षेत ते आलं नाही, म्हणून आपण विसरलो. पुढे छापखान्यात काम करताना मला ते पुन्हा भेटलं.

कुमारप्पांचा जन्म १८९२ चा, तंजावरच्या ख्रिस्ती घरातला. लंडनला ते हिशेबतपासनीस झाले, अमेरिकेत अर्थशास्त्र शिकले. १९२९ मध्ये गांधीजींना भेटले आणि मुंबईतला चालता धंदा सोडला. 'यंग इंडिया'त लिहिलं, संपादनही सांभाळलं. ते पाद्री नव्हते. तरी कायदेभंगाच्या काळात मिशनऱ्यांना त्यांनी जाहीर विचारलं, की येशूची अहिंसा मानता, तर मग गप्प का?

१९३४ च्या बिहार भूकंपात मदतनिधीचा हिशेब त्यांच्याकडे होता. गांधीजींच्या मुक्कामाचा खर्च त्या निधीतून द्यायला त्यांनी नकार दिला. पुढे मगनवाडीतून 'ग्राम उद्योग पत्रिका' चालवली. तुरुंगात येशूच्या शिकवणीवर पुस्तक लिहिलं, तेव्हा गांधीजींनी कौतुकानं त्यांना 'डॉक्टर ऑफ डिव्हिनिटी' म्हटलं.

आता माझी गोष्ट सांगतो. बावीस वर्षांपूर्वी मी आमच्या समाजाचं एक छोटं मासिक पाहत होतो. देणगीच्या हिशेबाबद्दल एका म्हाताऱ्या बाईंचं पत्र आलं. त्यांचं म्हणणं खरं होतं. वडीलधारे म्हणाले, "आपलीच माणसं आहेत, जाऊ दे." मी जाऊ दिलं. पत्र अजून माझ्या पेटीत आहे. बाई मात्र राहिल्या नाहीत. परक्यांच्या चुका मी ठळक टाइपात छापत होतो, हे तेव्हा लक्षातही आलं नाही.

म्हणून या स्मरणिकेचं काम तुम्ही माझ्यावर सोपवलंत, तेव्हा मी एकच अट घातली. संमेलनाच्या वर्गणीचा पै-पैचा हिशेब शेवटच्या पानावर येईल. कुणाची तक्रार आली, तर तीही त्याच पानावर, तक्रार माझ्याविरुद्ध असली तरी.

सर, तुम्ही सांगितलेलं नाव मी विसरलो होतो. उशिरा का होईना, धडा पाठ केला आहे.