पोटाची वहिवाट

(कासारवाडी येथील वसंत व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)



ज्या कासारवाडीत एका बाजूने लोणावळ्याची लोकल धडधडत जाते, दुसऱ्या बाजूने नाशिक फाट्यावरील वाहतूक रात्रीही थांबत नाही आणि डोक्यावरून आता मेट्रोही धावू लागली आहे, तेथे वानर, सरडे आणि बिबटे यांच्या आहारविहारावर व्याख्यान ठेवणाऱ्या चालकांच्या धाडसाचे मला प्रथम कौतुक वाटले. परंतु विषयाची जुळवाजुळव करू लागलो तेव्हा ध्यानात आले की, या विषयाचे खरे स्थान निबिड अरण्यात नसून अशाच एखाद्या वाढत्या वसाहतीत आहे. प्राणी कोठे राहतो, हा प्रश्न आपण नेहमी नकाशासमोर उभे राहून विचारतो. प्राणी मात्र त्याचे उत्तर पोटाकडे पाहून देतो. आपल्या महसुली तंट्यांत जमीन कागदोपत्री कोणाच्या नावे आहे याच्या इतकेच, किंबहुना कधी त्याहून अधिक, वहिवाट कोणाची या प्रश्नाला वजन येते. वन्य प्राण्यांपाशी तर सनद, खरेदीखत, सातबारा यांपैकी काहीच नसल्यामुळे त्यांचा सारा कारभार वहिवाटीवरच चालतो, आणि ती वहिवाट दातांनी व जठराने सिद्ध करावी लागते.

माकड आणि वानर हे शब्द आपण एकाच्या जागी दुसरा असे सर्रास वापरतो, आणि येथेच आपल्या अज्ञानास आरंभ होतो. तांबूस चेहऱ्याचे, डोक्यावर मधोमध भांग पाडल्यासारखे केस असलेले ते माकड, ज्याला कोकणात केलडे म्हणतात. काळ्या तोंडाचा, राखी अंगाचा, लांब शेपटीचा तो वानर. हा भेद केवळ वर्णाचा नाही. वानराचे जठर गुरांच्या जठराची आठवण व्हावी असे कप्प्याकप्प्यांचे असून त्यात वसणारे सूक्ष्म जीव पाल्यातील चिवट तंतू आंबवून पचनयोग्य करतात. त्यामुळे जून पाने, कच्ची फळे, शेंगा आणि कळ्या यांवर, जेथे दुसरा प्राणी उपाशी मरेल तेथेही, वानरांचा कळप सुखाने कालक्रमणा करतो. माकडापाशी हे कोठार नाही. त्याला मिळाल्या आहेत त्या गालांतील पिशव्या. हाती लागेल ते प्रथम गालात कोंबावे आणि मग निर्धास्त जागी बसून सावकाश चघळावे, अशी ही सोय आहे. फळे, बिया, कोवळे अंकुर, नाकतोडे, पक्ष्यांची अंडी यांतले त्याला काहीच वर्ज्य नाही. ज्याच्या गालात पिशवी आहे तो आज ना उद्या बाजारात येणारच, असे मी म्हणतो ते विनोदाने नव्हे.

जुन्या रस्त्यांच्या दुतर्फा असलेले वड, पिंपळ आणि उंबर हे या माकडांचे एकाच वेळी भोजनगृह आणि शयनगृह होते. रस्ते रुंद झाले, वड गेले. माकडे मात्र रस्त्यापाशीच राहिली, कारण वडाच्या फळांची जागा मोटारीच्या खिडकीतून येणाऱ्या केळ्यांनी आणि शेंगदाण्यांनी घेतली होती. आता लेण्याद्रीच्या पायऱ्या चढणारा भाविक हातातली पिशवी गेली की माकडे माजली अशी फिर्याद मांडतो. मी म्हणतो, पंचनामा करावयाचाच असेल तर तो पूर्ण करावा, आणि पहिले केळे कोणी दिले तेही त्यात नोंदवावे. वानराच्या बाबतीत तर ही दयाबुद्धी थेट अपकारक ठरते. ज्या जठरात पाल्याचे संथ आंबवण चालावयाचे, त्यात बिस्किटांच्या साखरेचा मारा झाला की आम्लता वाढून सारा व्यवहार बिघडतो.

झाडे गेल्यावर माकडाला रस्ता तरी उरतो, सर्वांनाच तो उरत नाही. चाकणहून वायव्येस गेल्यावर लागणारे भीमाशंकरचे अभयारण्य 1985 साली घोषित झाले, ते मुख्यतः शेकरूसाठी. फळे, बिया, फुले आणि झाडाची साल खाणारी ही मोठी खार क्वचितच जमिनीवर उतरते. फांदीला फांदी जेथे भिडत नाही, तेथे तिच्या मुलखाची हद्द संपते.

सरपटणाऱ्या मंडळींकडे वळताना घरातल्या पालीला नमस्कार करून पुढे जाऊ. कारण ट्यूबलाइटभोवती जमणारी चिलटे आणि पतंग टिपण्यासाठी ती जेथे बसते, ती जागा तिला आपल्याच दिव्याने मिळवून दिली आहे. तिच्या चुकचुकण्याने शुभाशुभ ठरवणाऱ्यांनी एवढे उपकार तरी स्मरावेत. घोरपडीचे दैव इतके सरळ नाही. भुंगेरे, गोगलगाई, खेकडे, अंडी, प्रसंगी मेलेले जनावर, असे दुभंगलेल्या जिभेने हुंगत हुंगत ती शिवार साफ ठेवते. पण मांसासाठी, कातड्यासाठी आणि वशीकरणाच्या खुळ्या कल्पनांपायी तिची हत्या होत आली आहे, ती 1972 च्या वन्यजीव कायद्याने तिला सर्वोच्च संरक्षण दिल्यानंतरही.

मला अधिक वेळ द्यावासा वाटतो तो साताऱ्याजवळच्या चाळकेवाडीच्या सड्यावरील, म्हणजे खडकाळ पठारावरील, सरड्याला. गळ्याखाली निळ्या, काळ्या आणि नारिंगी रंगांचा पंखा उघडून मादीला आळविणाऱ्या या सरड्यांच्या एका नव्या प्रजातीसमूहाला शास्त्रज्ञांनी 2016 साली नाव दिले ते ‘सरडा’ असेच. आपल्या खेड्यातला शब्द असा विद्वानांच्या दफ्तरी दाखल झाला. या सड्यावर पवनचक्क्या उभ्या राहिल्या. 2018 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असे आढळले की, पवनचक्क्यांच्या परिसरात शिकारी पक्षी कमी झाले आणि त्यामुळे सरडे वाढले. ऐकणाऱ्यास वाटावे, सरड्यांचे राज्य आले! परंतु त्याच पाहणीत हेही दिसले की, हे सरडे अंगाने रोडावले होते, त्यांच्या गळ्याचे रंग फिके पडले होते आणि माणूस जवळ आला तरी ते लवकर पळत नव्हते. त्याच सड्यावरचे तेवढेच किडे आता अधिक तोंडांत वाटले जाऊ लागले, हे त्याचे एक कारण. सरड्याच्या जागेवर कोणी आक्रमण केले नव्हते, त्याला कोणी बेदखलही केले नव्हते. बदल झाला तो आकाशातल्या घारीगरुडांत, आणि त्याचा हिशेब चुकता झाला जमिनीवरच्या सरड्याच्या पोटात.

शेवटी बिबट्या, ज्याची वार्ता हल्ली चाकणपर्यंतच्या लोकांची झोप उडवते. तो जंगलातून वाट चुकून येतो, ही समजूत आपण सोडून दिली पाहिजे. धरणांचे पाणी कालव्यांतून फिरले, जुन्नर आणि अकोले तालुक्यांत उसाचे फड उभे राहिले, आणि ज्याला आडोसा व खाद्य एवढेच हवे त्याला दोन्ही एकाच जागी मिळाले. अकोल्याच्या शेतमुलखातील बिबट्यांच्या विष्ठेचा अभ्यास 2014 साली प्रसिद्ध झाला, त्यात त्यांच्या आहारापैकी सुमारे 87 टक्के भाग पाळीव व गावठी जनावरांचा निघाला, आणि त्यातही एकट्या कुत्र्यांचा 39 टक्के. शेळ्या कुत्र्यांहून कितीतरी अधिक असूनही त्यांचा वाटा बराच कमी होता, कारण शेळीला रात्री गोठा असतो आणि कुत्र्याला उकिरडा. ऊसतोडीच्या वेळी फडात बछडे सापडतात तेव्हा ते चुकून आलेले नसतात. ते तेथेच जन्मलेले असतात, आणि त्यांना जागच्या जागी ठेवून माणसे दूर झाली तर आई पुष्कळदा रात्री येऊन त्यांना उचलून नेते.

पिंजरा लावण्याचा अर्ज करण्यापूर्वी आपल्या गल्लीतला उकिरडा उचलण्याचा अर्ज करावा, कारण बिबट्याच्या जेवणाचे ताट तेथेच मांडले जाते. आणि उद्या रविवार आहे; तुमच्यापैकी बरेचजण लोणावळ्याला जातील. घाटात माकडे दिसतील, मुले हट्ट करतील. मोटारीची काच वर ठेवा, आणि केळे मुलालाच द्या.