दात्याचा हेतु आणि कायद्याचें कुंपण
(दुष्काळनिवारण समितीच्या सभेंत झालेलें भाषण)



फंडासाठीं आपणांपुढें पदर पसरण्यापूर्वीं एका शंकेचें निरसन करणें अवश्य आहे. व्यापारी व जमीनदार मंडळींपैकीं कित्येक विचारतात कीं, आज दिलेला पैसा उद्यां सरकारनें ताब्यांत घेतला, किंवा संस्थेवर आपलींच माणसें आणून बसविलीं, तर आमच्या दानाचें काय? ही शंका अस्थानीं नाहीं.

दुष्काळांत लोकसंस्थेचा सरकारशीं खटका उडणें आपल्या प्रांतास नवें नाहीं. १८७० सालीं स्थापन झालेल्या पुण्याच्या सार्वजनिक सभेच्या माणसांनीं १८९६-९७ च्या दुष्काळांत खेडोपाडीं जाऊन, सरकारच्याच दुष्काळी नियमांप्रमाणें रयतेस काय मागतां येतें, हें समजावून दिलें. याचें फळ असें मिळालें कीं, सार्वजनिक प्रश्नांवर सरकारशीं बोलण्याचा सभेचा अधिकार यापुढें मानला जाणार नाहीं, असें १८९७ सालीं सरकारनें ठरविलें. १८६० च्या संस्था-नोंदणी कायद्यानें संस्थांस नियम करण्याची व मिळकत धारण करण्याची सोय झाली होती. परंतु सरकारी अवकृपेपासून रक्षण करील असा मूलभूत हक्क कोठेंहि लिहिलेला नव्हता. १९०८ च्या कायद्यानें तर संस्था बेकायदा ठरविण्याचा अधिकारच सरकारच्या हातीं आला.

२६ जानेवारी १९५० पासून ही स्थिति पालटली. घटनेच्या १९ व्या कलमानें संस्था स्थापण्याचा हक्क नागरिकांस मिळाला. सार्वजनिक सुव्यवस्था, नीति इत्यादि कारणांसाठीं त्यावर निर्बंध घालतां येतात. पण तो वाजवी आहे कीं नाहीं, हें शेवटीं न्यायालय ठरवितें. मद्रास सरकारनें एका संस्थेस बेकायदा ठरविलें, तेव्हां न्यायालयीन चौकशीवांचून हा हक्क हिरावून घेणारी तरतूद सर्वोच्च न्यायालयानें १९५२ सालीं रद्द ठरविली. पुढें १९६२ च्या कायद्यानें हिंदी साहित्य संमेलनाची घडणच बदलण्यांत आली. तो कायदा १९७१ सालीं रद्द झाला. संस्था स्थापण्याच्या हक्कांत, स्वेच्छेनें जमलेल्या सभासदांसह ती चालविण्याचा हक्कहि येतो, असा त्या निकालाचा आशय आहे.

आपणांस अधिक जवळचा निकाल १९५४ चा, मुंबईच्या १९५० सालच्या सार्वजनिक ट्रस्ट कायद्यासंबंधीं आहे. नोंदणी, हिशेब व तपासणी न्यायालयानें कायम ठेविली. मात्र धार्मिक ट्रस्टावर धर्मादाय आयुक्तास विश्वस्त नेमण्याची, आणि त्या ट्रस्टाचा पैसा मूळ हेतूबाहेर वळविण्याची मोकळीक देणारा भाग रद्द केला. देखरेख निराळी व मालकी निराळी, हा भेद येथें स्पष्ट होतो. पहारेकऱ्यानें कोठाराचें कुलूप पाहावें. धान्य कोणास वाटावयाचें हें त्यानें ठरवूं नये.

तथापि कायद्याचें कुंपण आळशी माणसाचें शेत राखीत नाहीं. हिशेब न ठेवणाऱ्या, सभांचीं टिपणें न लिहिणाऱ्या संस्थेस कोणतेंहि कलम फार काळ वांचवूं शकत नाहीं. कारण तिच्या विश्वस्तांची चौकशी करण्याचें वाजवी कारण ती स्वतःच सरकारच्या हातीं देते. उलट जिची वही चोख, तिला न्यायालयांत ताठ मानेनें उभें राहतां येतें. म्हणून या अहवालांतील जमाखर्च आपण केवळ चाळूं नये. तपासावा व शंका असल्यास विचारावें. आपली चौकशी हा आम्हांस अपमान वाटणार नाहीं; तें संस्थेचें संरक्षणच आहे.

देणगी देतांना तिचा हेतु लेखी नमूद करावा: धान्यासाठीं, गुरांच्या चाऱ्यासाठीं कीं विहिरींच्या खोदाईसाठीं. पावती अवश्य घ्यावी. हेतु लेखी असला म्हणजे तो आम्हांस मोडतां येत नाहीं, आणि इतरांनीं मोडूं पाहिल्यास आम्हांस दाद मागतां येते.

गृहस्थहो, कायद्यानें आपल्या दानास आधार दिला आहे. पण तो कागद भुकेल्याच्या ताटांत पडत नाहीं. तेथें धान्यच पडावें लागतें, आणि तें आपल्याच कोठारांतून यावयाचें आहे. निःशंक मनानें व सढळ हातानें साहाय्य करावें, ही विनंति.