औंधचे अप्पासाहेब पंत



साताऱ्याच्या मातीतून लंडनला दोन वकील गेले. वकील हा शब्द येथे मराठेशाहीतील जुन्या अर्थाने घ्यावयाचा. कोर्टातला नव्हे, दरबारातला. पहिले रंगो बापूजी गुप्ते. छत्रपती प्रतापसिंहांना कंपनी सरकारने 1839 साली पदच्युत केले, त्याविरुद्ध दाद मागण्यासाठी ते गेले आणि 1853 साली रिकाम्या हातांनी परतले. दुसरे अप्पासाहेब पंत. ते 1969 साली गेले, दाद मागण्यासाठी नव्हे, तर स्वतंत्र भारताचे हायकमिशनर म्हणून. पहिल्यांचे नाव निदान अधूनमधून निघते. दुसऱ्यांचे नाव औंधच्या यमाईच्या डोंगराखाली काढले, तरी ‘राजेसाहेबांचे चिरंजीव’ यापलीकडे फारसे काही ऐकू येणार नाही.

राजपुत्राची आठवण समाजवादी कार्यकर्त्यांनी का ठेवावी, हा प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर त्यांच्या मोठ्या हुद्द्यांत नाही. ते औंध संस्थानच्या 72 गावांत आहे.

हे संस्थान म्हणजे नकाशावर सांडलेले तुकडे होते. औंध साताऱ्याकडे, आटपाडी आणि कुंडल आजच्या सांगली जिल्ह्यात, तर गुणदाळ पार विजापुराकडे. लोकसंख्या पाऊण लाखाच्या आसपास, पाऊस बेभरवशाचा. व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ ज्यांनी वाचली आहे, त्यांना हा मुलूख निराळा सांगावयास नको. गादीवर भवानराव तथा बाळासाहेब पंतप्रतिनिधी; चित्रकार, कलासंग्राहक आणि सूर्यनमस्कारांचे कट्टर प्रचारक. त्यांचे पुत्र अप्पासाहेब 1912 साली जन्मले, ऑक्सफर्डला शिकले, बॅरिस्टर झाले आणि 1937 च्या सुमारास घरी परतले. अशा तरुणांची पुढची वाट ठरलेली असे : शिकार, मोटारी आणि रेसिडेंटसाहेबांचा चहा. अप्पासाहेब त्या वाटेने गेले नाहीत.

मॉरिस फ्रिडमन नावाचा एक पोलिश इंजिनिअर त्या सुमारास बंगळूरला होता. पुढे तो भारतानंद या नावाने ओळखला जाऊ लागला. त्याच्या साहाय्याने राज्याधिकार प्रजेकडे सोपविण्याची कल्पना आकारास आली, आणि 1938 च्या नोव्हेंबरात राजांनी तसा संकल्प जाहीर केला. बापलेकांनी गांधीजींकडे जाऊन घटनेचा आराखडा करून घेतला आणि 1939 च्या जानेवारीत औंधची स्वराज्य-घटना अमलात आली. तिची रचना खालून वर जाणारी होती. गावाने पंच निवडावेत, पंचायतींच्या प्रमुखांतून तालुक्याची समिती व्हावी आणि तालुक्यांतून संस्थानचे विधिमंडळ. महसुलाचा निम्मा वाटा गावांनीच खर्चावा, ही त्यातील खरी धारदार तरतूद होती. सत्तेच्या विकेंद्रीकरणावर व्याख्याने देणारे पुष्कळ असतात; तिजोरीची किल्ली देण्याची वेळ आली की त्यांचा कंठ बसतो.

आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसले तेही याच काळात. शिक्षा झालेल्या कैद्यांनी तेथे तुरुंगाच्या भिंतींविना, कुटुंबासह राहून शेती करावयाची होती. व्ही. शांतारामांचा 1957 सालचा ‘दो आँखें बारह हाथ’ सर्वांना ठाऊक असतो. त्याच्या मागे माणदेशातले हे माळरान आहे, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक असते.

अप्पासाहेब या राज्यात मंत्री होते, पुढे पंतप्रधान झाले. खुर्चीवर बसून कारभार करण्याचे हे पद नव्हते. पंचायती निवडून आल्या तरी गावचे पाटील-कुलकर्णी जागच्या जागी होते, सावकार होते, आणि शिवाशिव होती. कागदावरील घटना वस्तीपर्यंत पोचविण्याचे काम पायी हिंडल्याविना होण्यासारखे नव्हते.

या प्रयोगाला उणीव नव्हती असे नाही. मतदाराला लिहिता-वाचता आले पाहिजे, असा गांधीजींचा आग्रह होता. त्यामागील हेतू शिक्षणप्रसाराचा होता हे खरे. तथापि त्या काळच्या माणदेशात अशी अट प्रथम कोणाला बाहेर ठेवणार हे उघड आहे : बाईला, आणि महारवाड्या-मांगवाड्यातल्या माणसाला. शिवाय हे स्वराज्य वाड्यातून आलेले होते. राजाने दिलेले स्वराज्य आणि प्रजेने घेतलेले स्वराज्य यांतील अंतर कुंडलइतके स्पष्ट अन्यत्र कोठे दिसले नसेल. कुंडल हे औंधच्या घटनेप्रमाणे चालणारे गाव आणि तेच क्रांतिसिंह नाना पाटील, जी. डी. बापू लाड यांच्या प्रतिसरकारचेही गाव. 1943 साली शेणोलीजवळ रेल्वे लुटून सरकारी रक्कम हस्तगत करणारी तुफान सेना या मातीत वाढली. ब्रिटिश मुलखातून पाठलाग होत असलेल्या भूमिगतांना संस्थानची हद्द हा मोठा आधार होता. गोऱ्या सरकारच्या मांडलिकाच्या राज्यात त्याच सरकारविरुद्ध बंड करणाऱ्यांना श्वास घ्यावयास जागा मिळावी, हे औंधच्या घटनेत कोठे लिहिलेले नव्हते, पण घडले.

मार्च 1948 मध्ये दक्षिणी संस्थाने मुंबई प्रांतात विलीन झाली. विलीनीकरण अटळ होते, इष्टही होते. राजेशाहीबरोबर पंचायतींचे हक्कही मिटविले जावेत, याची मात्र काहीच आवश्यकता नव्हती. गावाने ज्या पैशाचा विनियोग आपल्या चावडीवर ठरविला होता, त्याच्यासाठी आता मामलेदार कचेरीकडे अर्ज जाऊ लागले. कोणी गावांना विचारले नाही.

त्याच वर्षी नेहरूंनी अप्पासाहेबांना नैरोबीस पाठविले. ब्रिटिश पूर्व आफ्रिकेतील भारताचे ते पहिले कमिशनर. तेथील हिंदी समाज मुख्यतः व्यापारी आणि कारकुनी पेशातला : वर गोरा मळेवाला, खाली जमीन हिरावलेला किकुयू शेतकरी आणि मध्ये हिंदी दुकानदार. आपल्या देशबांधवांच्या सवलती सांभाळाव्यात, एवढीच एखाद्या चाकोरीतल्या राजदूताची दृष्टी राहिली असती. अप्पासाहेबांनी नेहरूंची भूमिका शब्दशः घेतली : ही भूमी आफ्रिकनांची, आपण येथे पाहुणे, आणि पाहुण्याने यजमानाच्या बाजूने उभे राहावे. जोमो केन्याटा, पीटर म्बियू कोइनांगे यांच्याशी त्यांचा स्नेह जडला. आफ्रिकन विद्यार्थ्यांना भारतीय विद्यापीठांत शिष्यवृत्त्या मिळू लागल्या. हिंदी दुकानदारांपैकी अनेकांना हा कमिशनर आपला वाटत नसे, आणि गोऱ्यांना तर तो चिथावणीखोरच वाटे.

ऑक्टोबर 1952 मध्ये केनियात आणीबाणी पुकारली गेली. केन्याटांवर कापेनगुरियाच्या दूर कोपऱ्यात खटला भरला. बचावासाठी डी. एन. प्रिट यांच्याबरोबर भारतातून दिवाण चमनलाल गेले, तर स्थानिक हिंदी वकीलही पाठीशी राहिले. केन्याटांना सात वर्षांची सजा झाली. अप्पासाहेबांना परत बोलवा, असा ब्रिटिशांचा लकडा दिल्लीमागे सुरूच होता. 1954 साली त्यांनी नैरोबी सोडली. एका राजदूतास यजमान सरकारने नकोसे ठरवावे, ही सामान्यतः नामुष्कीची बाब. येथे ते प्रशस्तिपत्रक होते.

त्यानंतरची पदे थोडक्यात सांगता येतील. गंगटोकला ते पोलिटिकल ऑफिसर होते. 1958 साली नेहरूंच्या भूतान-यात्रेत ते बरोबर होते आणि पुढच्याच वर्षी दलाई लामांना तिबेट सोडावे लागले. जकार्तात 1962 च्या आशियाई सामन्यांवेळी जमाव भारतीय वकिलातीवर चालून आला, तेव्हा राजदूत तेच. मग नॉर्वे, इजिप्त, लंडन, इटली. पाकिस्तानच्या कैदेतून सुटलेले शेख मुजीबुर रहमान 8 जानेवारी 1972 रोजी लंडनला उतरले, त्या वेळी भारताच्या वतीने त्यांना भेटणारे हायकमिशनर हेच औंधचे माजी पंतप्रधान.

निवृत्तीनंतर त्यांनी वडिलांवर आणि औंधच्या प्रयोगावर इंग्रजीत ‘अॅन अन्‌युजुअल राजा’ हे पुस्तक लिहिले. ते 1989 साली निघाले. 1992 साली अप्पासाहेब गेले. त्याच वर्षीच्या डिसेंबरात लोकसभेने पंचायतींना घटनात्मक स्थान देणारी त्र्याहत्तरावी दुरुस्ती मंजूर केली. पंचायत राज्यघटनेत आली. महसुलाचा निम्मा वाटा गावाचा, असे मात्र त्या दुरुस्तीत कोठेही लिहिलेले नाही.