जुन्या चित्रफितींची राखण
(ज्युबिलीच्या सभेंतील भाषण)



आजच्या मंगल प्रसंगीं जुन्या चित्रफितींविषयीं आम्हीं बोलावें, याचें कित्येकांस नवल वाटेल. परंतु या विषयाचें आपणांशीं नातें आहे. १९१० च्या सुमारास मुंबईंत दादासाहेब फाळके यांनीं प्रभु येशूच्या चरित्राचा चित्रपट पाहिला, आणि आपल्या देवतांचीं चरित्रें अशींच पडद्यावर आणावीं असें त्यांच्या मनानें घेतलें. १९१३ सालीं ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढें आला.

हें आपण कौतुकानें सांगतों. त्या काळच्या फितींचें पुढें काय झालें, हें मात्र कोणी विचारीत नाहीं. ती फीत नायट्रेटची. कालांतरानें ती चिकट होते, मग तिची भुकटी होते. एकदां पेटली कीं पाण्याखालींहि जळत राहते. शिवाय तींत चांदी असे, आणि खेळ संपले कीं पुष्कळ फिती चांदी काढण्यासाठीं विकल्या जात. आपला पहिला बोलपट ‘आलम आरा’ १९३१ चा. त्याची एकहि प्रत आज उपलब्ध नाहीं.

हा नाश थोपविण्यासाठीं पी. के. नायर यांनीं आपली हयात वेंचली. पुण्याचें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ सालीं निघालें, दुसऱ्याच वर्षीं ते तेथें रुजू झाले, आणि १९९१ मध्यें निवृत्त होईतों तेथें सुमारें १२ हजार चित्रपट जमले होते. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’चे तुकडे त्यांनीं फाळके-कुटुंबाकडून मिळवून जुळविले. दादासाहेबांची चिमुकली मंदाकिनी त्यांत कृष्ण झाली आहे! कोणतें चित्र थोर व कोणतें टाकाऊ, याचा निवाडा नायर करीत नसत; मिळेल तें जपीत. कोणी यास हव्यास म्हणोत, आम्हांस हाच त्यांचा मोठा गुण वाटतो.

२००३ च्या जानेवारींत पुण्यांत नायट्रेट फितींच्या कोठारास आग लागली व कित्येक अमोल मूळ फिती जळाल्या. ज्यांच्या प्रती आधींच सुरक्षित फितीवर उतरविल्या होत्या, तींच चित्रें वांचलीं.

आतां घरची गोष्ट. लग्नाच्या, सणाच्या ८ मिलिमीटरच्या फिती आपल्यापैकीं कोणाच्या कपाटांत असतील. डबा उघडतांच शिरक्याचा वास आला, तर फीत सडूं लागली असें समजावें. ती इतरांपासून वेगळी काढून थंड व कोरड्या जागीं ठेवावी. हौसेनें जुन्या यंत्रावर मुळींच चढवूं नये; आकसलेल्या फितीच्या कडेचीं छिद्रें यंत्राच्या दातांत सांपडून फाटतात. आधीं ती जाणकारास दाखवावी.